सालगडी

आमच्या यवतमाळ जिल्ह्यात दिवाळी येते ती कापसाच्या मागोमाग. दसऱ्याच्या सुमारास बोंडे फुटू लागतात. वेचणीच्या आरंभी बायका शेतात जाऊन सीतादही करतात, दहीभाताचा नैवेद्य पऱ्हाटीला दाखवतात, आणि मग पडवीत, माजघरात, देवघराच्या दाराशी, जिथे जागा सापडेल तिथे पांढरे ढीग पडू लागतात. लहानपणी आम्ही या ढिगांवर मनसोक्त लोळत असू. पण ढीग घरात राहायचा नसतो, हेही त्या वयातच कळलेले असे. लक्ष्मीपूजनाच्या आधी निदान एक गाडी बाजाराला गेलीच पाहिजे. तिच्यावर मुलांचे कपडे, फटाके आणि फराळ. आपल्या मातीत पिकलेली वस्तू दूर जाते आणि तिच्या जाण्यावरच आपला सण साजरा होतो, याचे वैषम्य आम्हां वऱ्हाडकरांना कधी वाटले नाही.

हा कापूस एके काळी फार दूर जाई. यवतमाळहून दारव्ह्यावरून मूर्तिजापूरला जाणारी अरुंद रुळांची गाडी एका विलायती कंपनीने बांधली, ती काही आमच्या सोयीसाठी नव्हे. कापूस मुख्य लोहमार्गावर जावा, तेथून मुंबई बंदरात आणि तेथून लँकेशायरच्या गिरण्यांत, हा तिचा हेतू. मँचेस्टरला १९२१ साली तयार झालेले वाफेचे इंजिन ही गाडी १९९४ पर्यंत ओढत होते. दारव्हा-मोतीबागच्या स्टेशनवर ते धापा टाकत उभे राहिलेले मी पुष्कळदा पाहिले आहे. आता ती गाडी धावत नाही. पण जिथे ते इंजिन घडले आणि जिथे आमच्या बोंडांचे कापड झाले, त्या मुलखाविषयी मला तेव्हापासून एक कुतूहल लागून राहिले. पुढे क्रिकेटची पुस्तके वाचू लागलो तेव्हा त्या मुलखातील गावांची नावे पुन्हा भेटली. नेल्सन, कोल्न, हॅसलिंग्डन, रिश्टन, रॉटनस्टॉल. कापूस गेला त्याच वाटेने पुढे आमचे खेळाडूही गेले होते.

ही गावे लहान. आठवडाभर मागावर उभे राहायचे आणि शनिवारी दुपारी क्रिकेट पाहायचे, असा तिथला शिरस्ता. प्रत्येक गावाचा क्लब. त्यात खेळणारे दहा जण गावातलेच, कोणी विणकर, कोणी दुकानदार, कोणी शाळामास्तर, आणि हौसेने खेळणारे. अकरावा मात्र पगारी. प्रत्येक क्लबाने असा एकच पगारी खेळाडू ठेवायचा, हा लीगचा नियम. हंगामाचा करार असे, आणि पन्नास धावा काढल्या की प्रेक्षकांत पेटी फिरवून जमलेले पैसे त्याच्या हाती पडत. हे प्रथम वाचले तेव्हा मी मनाशी म्हटले, अरे, हा तर सालगडी! आमच्याकडे गुढीपाडव्याला सालगड्याचे साल ठरते. अमुक पोती ज्वारी, अमुक रुपये, आणि पोळ्याला नवे कपडे. पाडव्याला साल संपले की तो मोकळा. राहायचे तर राहील, नाही तर शेजारच्या गावात दुसऱ्याचे बैल हाकील. मराठीत शेतावर राबणाऱ्यालाही गडी म्हणतात आणि खेळात बाद होणाऱ्यालाही गडीच म्हणतात, हे काही उगीच नसावे.

वेस्ट इंडीजचा लिअरी कॉन्स्टंटाइन १९२९ साली नेल्सनचा असा सालगडी झाला, आणि नऊ हंगामांत त्या गावाने सात वेळा लीग जिंकली. आमचा अमरसिंग कोल्नला गेला, लाला अमरनाथ नेल्सनला, सांगलीचे विजय हजारे रॉटनस्टॉलला, मुंबईचा सुभाष गुप्ते रिश्टनला. गांधीजी १९३१ साली त्याच भागात, डार्वेन गावाकडे, गेले होते. आमच्या बहिष्कारामुळे आपले माग थंडावले असे तिथले कामगार म्हणत, तरी त्यांनी गांधीजींचे हसतमुखाने स्वागत केले. त्याच मुलखाने थोड्याच वर्षांत अमरसिंगाच्या गोलंदाजीला टाळ्या दिल्या. माणसे आपल्या हिशेबवहीपेक्षा पुष्कळदा मोठी निघतात.

पण हे सारे आज लिहायला बसण्याचे कारण लँकेशायर नव्हे, आमच्याच तालुक्यातले एक खेडे आहे. तिथे मी बरीच वर्षे शिक्षक होतो आणि आजही तिथेच राहतो. अलीकडे खेड्यापाड्यांतून टेनिस चेंडूचे सामने होतात. पहिले बक्षीस चांगले घसघशीत असते, कुठे रोख, कुठे बोकडही. साहजिकच पैसे देऊन बाहेरगावचा एखादा गडी घेण्याची चाल पडली आहे. गेल्या वर्षी आमच्या गावचा एक मुलगा, शेतमजुराचा, हाताने मोठा जलद, शेजारच्या गावाकडून खेळला आणि त्याने आमचेच पाच गडी बाद केले. संध्याकाळी पारावर जो गहजब झाला तो मी विसरणार नाही. "आपल्याच पोट्ट्यानं आपलंच नाक कापावं?" असे एक वृद्ध गृहस्थ पुन्हा पुन्हा म्हणत होते. कोणी त्याला विकाऊ म्हटले, कोणी त्याच्या बापाला कामावर न बोलावण्याची भाषा केली. अखेर सगळे माझ्याकडे वळले. "मास्तर, तुमीच सांगा."

मी मुलाला बोलावून घेतले. तो काही घाबरलेला दिसला नाही. म्हणाला, "मास्तर, आपल्या गावाकून खेळलो तं बसचं भाडं माह्याच खिशातलं. खेळवतीन का नाही, हे बी सामन्याच्या सकाळपर्यंत कोणी सांगत नाही. त्यायनं आठ दिवस आधी निरोप धाडला, जोडे देल्ले, जेवाले घातलं. मंग मी का चोरी केली का?"

चोरी नव्हतीच. पण पारावरच्या मंडळींना झालेले दुःखही खोटे नव्हते. ज्या पोराला आपण अंगणात चालताना पाहिले त्याने आपल्या विरुद्ध उभे राहावे, ही गोष्ट मनाला लागतेच. तेव्हा माणसाच्या अंगच्या गुणावर कोणाचा हक्क, हा प्रश्न मी तेव्हापासून मनात घोळवीत आहे. त्याच्या हातावर त्याचा स्वतःचा हक्क? जन्म दिला त्या गावाचा? की मोल मोजले त्याचा?

या प्रश्नाचा सगळ्यांत गाजलेला खटला १९५२ सालचा. विनू मंकड जामनगरचा. पुढे मुंबईकडून खेळला. त्या वर्षी फेब्रुवारीत मद्रासला भारताने कसोटी क्रिकेटमधला आपला पहिला विजय मिळवला, इंग्लंडविरुद्ध, आणि तो मुख्यतः मंकडच्या बारा बळींवर. उन्हाळ्यात भारतीय संघ इंग्लंडला जायचा होता. इकडे हॅसलिंग्डनने मंकडला हंगामाचा करार देऊ केला होता. मंकडने क्रिकेट बोर्डाला विचारले, माझी निवड नक्की होईल असे सांगत असाल तर मी हा करार घेत नाही. बोर्डाने तसा शब्द देण्यास नकार दिला. मंकड हॅसलिंग्डनला गेला.

येथे बोर्डाला एकदम दोषी ठरवण्याची घाई करू नये. कोणत्याही खेळाडूला आगाऊ जागा बहाल करू नये, हे तत्त्व चुकीचे नाही. आज मंकडला शब्द दिला तर उद्या दहा जण तोच मागतील, आणि मग निवड कशाला म्हणायचे? मी त्या समितीवर असतो तर कदाचित् हेच म्हणालो असतो. आणि मंकडच्या बाजूने पाहिले तर त्याचे तरी काय चुकले? त्या काळी देशासाठी खेळून घर चालत नसे. खेळण्याची वर्षे थोडी, आणि मंकडने तर पस्तिशी गाठलेली. हातचा करार सोडून नुसत्या आशेवर बसावे, असे त्याला कोणी कशाच्या बळावर सांगावे?

इथपर्यंत दोघांचीही बाजू मला पटते. पुढे जे झाले त्यात खरी गंमत आहे. जूनमध्ये लीड्सला पहिली कसोटी झाली. दुसऱ्या डावात फलकावर धावा शून्य आणि गडी बाद चार. ट्रूमन नावाचा एक नवा जलद गोलंदाज त्या दिवशी जगाला कळला. कर्णधार हजारे यांच्यावर काय प्रसंग गुदरला असेल! त्या शून्याने बोर्डाचे तत्त्व पार विरघळून गेले. हॅसलिंग्डनशी वाटाघाटी झाल्या आणि त्या गावाने आपला सालगडी कसोटी सामन्यांपुरता सोडला. लॉर्ड्सवर मंकडने पहिल्या डावात ७२ धावा केल्या, मग ७३ षटके गोलंदाजी करून पाच बळी घेतले, आणि दुसऱ्या डावात सलामीला येऊन १८४ धावा काढल्या. त्या डावात त्याने आणि हजाऱ्यांनी मिळून २११ धावांची भर घातली. शेवटी इंग्लंड आठ गडी राखून जिंकले, पण ती कसोटी आजही ओळखली जाते ती मंकडच्या नावाने.

या हकीकतीत मला सर्वांत उमदे वाटते ते हॅसलिंग्डन. कागदावर सही त्यांच्याकडे होती. आमचा माणूस आम्ही सोडत नाही, असे म्हणण्याचा त्यांना पूर्ण अधिकार होता. आमच्या पारावरच्या मंडळींनी तो सोडला असता की नाही, याची मला शंकाच आहे. आणि ज्यांच्याजवळ कागद नव्हता, ज्यांनी शब्द देण्याचे नाकारले होते, त्यांनी अडचण येताच हक्क सांगितला, तो केवळ जन्माच्या नात्यावर.

आमच्या जिल्ह्याला हा प्रकार अगदीच अपरिचित नाही. महाराष्ट्रात १९७२ साली कापूस एकाधिकार खरेदी योजना आली. शेतकऱ्याने कापूस शासनाच्या केंद्रावरच घालायचा. व्यापाऱ्याला विकायचा नाही, राज्याबाहेर न्यायचा नाही. ज्या वर्षी पैनगंगेपलीकडे आदिलाबादला (तेव्हाचे आंध्र, आताचे तेलंगण) भाव चढा असे, त्या वर्षी रात्रीच्या अंधारात गाड्या नदी ओलांडत. नाक्यावर पकडलेल्या माणसाला चोर ठरवले जाई, आणि चोरी कशाची, तर स्वतःच्याच शेतातल्या कापसाची! या योजनेला शिव्या देणारे पुष्कळ भेटतात. चुकारे महिनोन् महिने अडकत, प्रतवारीवरून भांडणे होत, हे सारे खरे. तरी न्यायबुद्धीने पाहिले तर एक गोष्ट कबूल करावी लागते. ही योजना शेतकऱ्याला 'दुसऱ्याला विकू नको' म्हणत होती, तेव्हा 'तुझे बोंड न् बोंड आम्ही घेऊ, ठरल्या भावाने घेऊ' असेही म्हणत होती. बाजार पडलेल्या वर्षी तिच्यामुळेच कित्येक घरांत दिवाळी झाली. हक्क सांगितला त्याबरोबर हमीही दिली. खेळाडूच्या बाबतीत आपण पहिले वाक्य तेवढे म्हणतो.

यावर एक आक्षेप माझ्या पत्नीने घेतला, आणि तो मोलाचा आहे. ती म्हणाली, "आई का लेकराशी करार करते? मग लेकरानं आईजवळ हमी मागायची का?" या प्रश्नापुढे माझा सगळा युक्तिवाद थोडा वेळ तरी गप्प बसला. गाव आणि देश यांना आपण आईच म्हणतो. तिथे देण्याघेण्याचे कोष्टक मांडणे बरे दिसत नाही. पण मी जसजसा विचार केला तसतसे मला वाटू लागले की आई करार करत नाही, कारण ती आधीच देऊन बसलेली असते. तिने काही मागायच्या आत नऊ महिने आणि कित्येक रात्री दिलेल्या असतात. गावाने आई व्हायचे तर त्या रात्रींसारखे काही तरी गावाच्या खात्यावर असावे लागेल. शिवाय गेलेल्या लेकराला आई परका म्हणत नाही. दिवाळीला त्याची वाट पाहते, आला नाही तर रडते, पण चकल्यांचा डबा बाजूला काढून ठेवतेच.

आणि गेलेला माणूस तुटतोच, हेही खरे नाही. त्याच लँकेशायरातील बोल्टन हे सूतगिरण्यांचे जुने गाव. तिथल्या फुटबॉल क्लबात २००२ ते २००६ या काळात नायजेरियाचा जे-जे ओकोचा खेळला. एनुगू शहरात जन्मलेला हा मुलगा १९९० साली सुट्टीत एका मित्राला भेटायला जर्मनीला गेला, मित्राबरोबर सरावाला उतरला, आणि क्लबाने त्याला ठेवूनच घेतले. मग फ्रँकफुर्ट, मग इस्तंबूल, मग पॅरिस, मग बोल्टन. तुर्कस्तानात त्याने तिथले नागरिकत्व घेतले आणि कागदोपत्री नावही तिथले लावले, मुहम्मत यावुझ. आमच्या पारावर हे कळते तर पंचांनी त्याला वाळीतच टाकले असते! पण हाच माणूस नायजेरियाचा कर्णधार होता. १९९६ साली अटलांटाच्या ऑलिंपिकमध्ये नायजेरियाने सुवर्णपदक जिंकले, त्या संघात तो होता. २००४ च्या जानेवारीत बोल्टनचा हंगाम रंगात आलेला असताना तो आफ्रिकेच्या राष्ट्रांच्या स्पर्धेसाठी ट्युनिशियाला गेला आणि तिथला सर्वोत्तम खेळाडू ठरला. फुटबॉलमध्ये आता देशाच्या ठरावीक सामन्यांसाठी क्लबाने खेळाडू सोडलाच पाहिजे असा नियम आहे, म्हणजे मंकडच्या वेळची ओढाताण त्यांनी कायद्याने पुष्कळशी मिटवली. अर्थात् ओकोचासारखे थोडे. दलालांच्या भूलथापांना फसून युरोपच्या थंडीत रस्त्यावर पडलेली आफ्रिकेतली पोरेही आहेतच, आणि त्यांच्यावर हक्क सांगायला कोणी पुढे येत नाही.

आपल्या विदर्भातलेच पाहा. नागपूरचा फैज फजल २०१६ साली इंग्लंडच्या उत्तर भागात क्लबाचे क्रिकेट खेळत होता, तेव्हा त्याला भारतीय संघाचे बोलावणे आले. हरारेला एक सामना खेळला, नाबाद ५५ धावा केल्या, आणि पुन्हा त्याला कोणी बोलावले नाही. तो रुसून बसला नाही. २०१८ च्या पहिल्या दिवशी इंदूरला विदर्भाने पहिल्यांदा रणजी करंडक जिंकला तेव्हा कर्णधार तोच होता.

सुभाष गुप्त्याची गोष्ट मात्र मला आजही बेचैन करते. लेगस्पिनचा इतका मोठा कलावंत आपल्याकडे दुसरा झाला नाही असे म्हणणारे जाणते पुष्कळ आहेत; खुद्द गारफील्ड सोबर्स त्याला सर्वश्रेष्ठ मानत. कानपूरला १९५८ साली वेस्ट इंडीजचे नऊ गडी त्याने एका डावात १०२ धावांत बाद केले. हिवाळ्यात देशासाठी आणि उन्हाळ्यात लँकेशायरात पगारावर, असा त्याचा संसार. १९६१ च्या डिसेंबरात दिल्लीच्या कसोटीच्या वेळी हॉटेलातील त्याच्या खोलीतून सहकाऱ्याने स्वागतकक्षातल्या तरुणीला फोन केला आणि तिने तक्रार केली. फोन गुप्त्याने केला नव्हता. पण खोली त्याची होती, म्हणून दोघांनाही संघाबाहेर काढले. पुढच्याच दौऱ्याला, वेस्ट इंडीजला, त्याला नेले नाही. वय ३२. ३६ कसोट्या, १४९ बळी, आणि खेळ संपला. त्याची पत्नी त्रिनिदादची. तो तिकडे गेला, तिथेच राहिला आणि २००२ साली तिथेच वारला.

आता सांगा, सोडून कोण गेले? मुंबईच्या मुलाने समुद्रापलीकडे बिऱ्हाड केले असे बोलण्याची रीत आहे. क्रम लावून पाहिला तर आधी दार बंद झाले आणि मग पाऊल बाहेर पडले. तरीही त्रिनिदादमध्ये राहणाऱ्या त्या माणसाला आपण आजही 'आपला गुप्ते' म्हणतो, आणि मला वाटते तसे म्हणण्यात पूर्ण लबाडी नाही. कॉन्स्टंटाइनला १९६९ साली लॉर्ड ही पदवी मिळाली तेव्हा तिच्यात दोन गावे घातली गेली, त्रिनिदादमधले मारावल आणि लँकेशायरचे नेल्सन. जन्मगाव आणि सालाचे गाव एकाच माणसाच्या नावात नांदू शकतात. गुप्त्याच्या बाबतीत ते आपल्याला जमले नाही.

पारावरच्या खटल्याचा निकाल मी त्या दिवशी दिला नाही. नंतर सामन्यांच्या मंडळींना बोलावून एवढे सांगितले की त्या पोराला आपला म्हणायचे असेल तर त्याला जोडे घेऊन द्या, बसचे भाडे द्या, आणि संघात आहेस की नाही हे निदान आठ दिवस आधी कळवा. जोड्यांना आणि भाड्याला मंडळींनी मान्यता दिली, वर्गणीही निघाली. आठ दिवस आधी कळवण्याच्या मुद्द्यावर मात्र घोडे अडले. ज्याला त्याला आपला पुतण्या संघात घालायचा आहे. त्या वृद्ध गृहस्थांचे म्हणणे असे, की आधीच शब्द दिला तर पोट्टं डोक्यावर बसेल. सामने भाऊबीजेनंतर सुरू व्हायचे आहेत. शेजारच्या गावाचा निरोप त्याच्या आईकडे येऊन पडला आहे, आणि पाडव्यापर्यंत थांबतो, असे तो मला म्हणाला आहे.